जेरेमी काइल शो नक्की का बंद झाला? यूकेत जुने असलेले कोणी सांगाल का

सॅलफर्डची सायली

नमस्कार मंडळी, प्रश्न तसा टाइमपास आहे पण डोक्यातून जात नाहीये म्हणून विचारते. मी मास्टर्ससाठी इथे सॅलफर्डला आलेय आणि एका कॅफेत पार्टटाइम काम करते, तिथे दोन गिऱ्हाइकं भांडायला लागली की आमची मॅनेजर बाई ओरडते की हा काही जेरेमी काइल शो नाही, बाहेर जाऊन भांडा. मला आधी वाटलं कोणीतरी राजकारणी असेल. मग यूट्यूबवर लोकांनी टाकलेल्या क्लिपा बघितल्या आणि बघतच बसले. स्टेजवर एक बाई खुर्चीत बसलेली, मागे मोठ्ठ्या अक्षरात तिचा प्रश्न लिहिलेला, म्हणजे माझ्या बहिणीबरोबर झोपलास का टाइप, आणि सुटातला एक माणूस हातात कार्ड घेऊन फिरतोय, डीएनएचा रिझल्ट त्याच्याकडे आहे पण तो सांगत नाही, आधी ओरडतो, मग ब्रेक घेतो, मग सांगतो. रिझल्ट ऐकून तो पोरगा आत पळाला तर कॅमेरावाला त्याच्या मागे कॉरिडॉरमधून पळतोय!! आणि हे सगळं सकाळी, म्हणजे आपल्याकडे रेसिपीचे कार्यक्रम लागतात त्या वेळेला.

तर प्रश्न असा की हा शो इथेच मीडियासिटीत शूट व्हायचा म्हणे, चौदा वर्षं चालला, बघणारे पण भरपूर होते, मग दोन दिवसांत बंद कसा केला? माझी फ्लॅटमेट म्हणते सगळा दोष त्या काइलचा, तिची आई म्हणते शो चांगला होता उगाच बंद केला. आणि चॅनेलच्या साइटवर एकही एपिसोड नाही, असं का?

लेस्टरकर काका

सायली, छान विषय काढलास. मी तेव्हा इथेच होतो आणि आमच्या हिला हा शो बघायची सवय होती म्हणजे नावं ठेवत ठेवत बघायची, त्यामुळे इच्छा असो नसो मला पण पाठ झालाय.

सुरुवात २००५ च्या जुलैमधली. आयटीव्ही चॅनेलवर सकाळी ९:२५ ला त्याआधी त्रिशा गोडार्ड बाईंचा शो असायचा, त्या चॅनेल फाइव्हला गेल्या आणि ती वेळ रिकामी झाली. काइल हा रेडिओवाला, लोकांच्या प्रेमाच्या आणि घरच्या भानगडी ऐकून सल्ले देणारा, त्याला उचलून टीव्हीवर आणला. त्रिशा बाई समजुतीच्या सुरात बोलायच्या, हा सरळ झापायचा. नोकरी का करत नाहीस, पोराचा बाप तू आहेस तर नॅपी कोण बदलणार, असं तोंडावर. लोकांना ते आवडलं हे मान्य करायला पाहिजे. आधी मँचेस्टरच्या ग्रॅनाडा स्टुडिओत व्हायचा, मग तुमच्या मीडियासिटीत हलवला. सकाळच्या त्या वेळेला दहा लाखांच्या आसपास लोक बघायचे आणि एकूण ३,००० च्या वर एपिसोड झाले. आयटीव्हीचा दिवसाचा हुकमी एक्का होता तो.

आता बंद कसा झाला. २०१९ च्या मे महिन्याच्या सुरुवातीला एक साठी ओलांडलेला माणूस शोमध्ये आला, होणाऱ्या बायकोला त्याच्यावर संशय होता आणि मी तिला फसवलेलं नाही हे सिद्ध करायला त्याने लाय डिटेक्टर टेस्ट दिली. मशीन म्हणालं खोटं बोलतोय. आठवड्याभरात त्याचा मृत्यू झाला. सोमवारी १३ तारखेला आयटीव्हीने शो थांबवला आणि बुधवारी १५ तारखेला त्यांच्या सीईओ कॅरोलिन मॅकॉल यांनी कायमचा बंद म्हणून जाहीर केलं. तो एपिसोड कधीच दाखवला नाही, आणि जुने सगळे एपिसोड पण त्यांच्या ॲपवरून, यूट्यूबवरून काढून टाकले. तुला सापडतात त्या लोकांनी आधीच उतरवून ठेवलेल्या क्लिपा.

पण खरं सांगू का, दोन दिवसांत बंद झाला हे वरवरचं. २००७ मध्येच मँचेस्टरच्या एका जज्जाने भर कोर्टात सांगितलं होतं की हा कार्यक्रम म्हणजे माणसांना घेऊन केलेली अस्वलाची झुंज आहे. जुन्या काळी इथे अस्वलाला खुंटाला बांधून त्याच्यावर कुत्री सोडायचे आणि लोक तिकीट काढून बघायचे, ती. केस कसली, तर एका नवऱ्याने स्टेजवरच बायकोच्या मित्राच्या तोंडावर डोकं हाणलं होतं. जज्ज म्हणाला याच्याबरोबर निर्माते पण आरोपीच्या पिंजऱ्यात पाहिजे होते. त्यानंतर लर्नडायरेक्ट म्हणून स्पॉन्सर होता त्याने वर्षाचे पाच लाख पौंड काढून घेतले. आणि शो? पुढे बारा वर्षं चालला. दुसरा स्पॉन्सर मिळाला, संपलं.

नाइट ड्युटी

काका सगळं बरोबर, पण मी थोडं वेगळं बोलणार आहे, राग नका मानू.

मी नर्स आहे. नाइट करून घरी आलं की साडेनऊला हाच शो लागलेला असायचा आणि मी टोस्ट खात बघायचे. आणि वॉर्डच्या डेरूममध्ये पण हाच. तिथले पेशंट मन लावून बघायचे हो. आमच्याकडे एक आजोबा होते, चेहरा कधी हलायचा नाही त्यांचा, पण डीएनए रिझल्टच्या आधी ब्रेक झाला की रिमोटवर हात ठेवून बसायचे, कोणी चॅनेल बदलू नये म्हणून. सगळे मूर्ख होते म्हणून बघत होते असं नाही.

दुसरं म्हणजे जे लोक त्यात जायचे त्यांना दुसरीकडे काय मिळत होतं ते पण बघा. डीएनए टेस्टला पैसे लागतात. दारू किंवा हेरॉइन सोडवायचं तर रिहॅबला नंबर लागायला महिनोन् महिने जातात, आणि काउन्सेलिंगसाठी जीपीने, म्हणजे इथल्या फॅमिली डॉक्टरने, नाव पाठवलं तरी वाट बघत बसायचं. शो हे सगळं फुकट द्यायचा, रिहॅबचा खर्च करायचा, आणि खरंच सुधारलेले लोक परत येऊन सांगायचे पण. फ्लॅटमेटच्या आईला ते आठवत असणार. मी शोची वकिली करत नाहीये, पण रांगेत उभं राहून कंटाळलेला माणूस कुठे जाणार?

अंधेरी लोकल

नाइट ड्युटी ताई, तुम्ही नकळत मेख सांगितलीत. ती फुकट मदत हेच तर आमिष.

मी मुंबईत बरीच वर्षं रिॲलिटी शोच्या रिसर्च टीममध्ये काम केलंय. चॅनेलचं नाव घेत नाही. हे काम कसं चालतं ते सांगतो, देश कुठलाही असो. भिंतीवर एक बोर्ड असतो, त्यावर आठवड्याचे एपिसोड आखलेले, प्रत्येक चौकोनात एक स्टोरी भरायची. स्टोरी म्हणजे माणूस. फोनवर बोलताना तुम्ही त्याच्याशी इतकं गोड बोलता की त्याला वाटतं जगात पहिल्यांदा कोणीतरी ऐकून घेतंय. तो रडतो, तुम्ही पण कधीकधी रडता, आणि फोन ठेवला की बॉसला सांगता मिळाला, गुरुवारचा भरला. ऐनवेळी कोणी येणार नाही म्हणाला की रिसर्चरच्या पोटात गोळा, कारण स्टुडिओ बुक झालेला असतो, ऑडियन्स बसलेला असतो. मग त्याला कसंही करून आणायचं. तेवीस-चोवीस वर्षांची पोरं असतात हो हे करणारी, कॉन्ट्रॅक्टवर. त्यांना मानसोपचार कुठून येणार.

काइल शोबद्दल चॅनेल फोरने २०२२ मध्ये डॉक्युमेंटरी केली होती, त्यात तिथले जुने कर्मचारी नाव न सांगता बोललेत आणि ऐकताना मला आमचंच ऑफिस आठवत होतं. दोन्ही पार्ट्या वेगळ्या खोल्यांत ठेवायच्या, एकीला दुसरी काय म्हणते ते तापवून तापवून सांगायचं आणि मग स्टेजवर सोडायचं. आयटीव्हीने अर्थात सांगितलंय की पाहुण्यांची काळजी घेण्याची पूर्ण व्यवस्था होती, आधी, मध्ये आणि नंतर, आणि मानसोपचाराची टीम खरंच होती. मी फक्त एवढंच म्हणतो की एकच बिल्डिंग जर एका मजल्यावर माणसाला भडकवत असेल आणि दुसऱ्या मजल्यावर शांत करत असेल तर कुठला मजला शोचा पगार कमावतो ते बघा.

आणि आपण साधे नाही हं. २०१० चा राखी का इन्साफ आठवतो का? एनडीटीव्ही इमॅजिनवर. राखी सावंत न्यायाधीशासारखी बसायची आणि नवराबायकोचे झगडे सोडवायची, म्हणजे वाढवायची. झाशीचा एक तरुण त्यात आला, त्याला भर शोमध्ये नामर्द म्हणून हिणवलं, पुढे त्याचा मृत्यू झाला आणि घरच्यांनी शोवर आरोप केला, पोलिसात तक्रार झाली. सरकारने काय केलं? शो रात्री अकराच्या नंतर दाखवा म्हणून ऑर्डर काढली. बंद नाही, वेळ बदला. म्हणजे अपमान चालेल पण मुलं झोपल्यावर.

ॲड. पुणेकरीण

मी इथे फक्त वाचते पण लाय डिटेक्टरचा विषय निघाला म्हणून राहवलं नाही.

अहो ते मशीन खोटं पकडतच नाही. ते नाडी, बीपी, श्वास आणि तळहाताचा घाम मोजतं. माणूस घाबरला की हे सगळं वाढतं, मग तो खोटं बोलतोय म्हणून घाबरलाय की लग्न मोडेल म्हणून घाबरलाय हे मशीनला काय कळणार? ते ठरवतो मशीनसमोर बसलेला माणूस. आपल्या सुप्रीम कोर्टाने २०१० साली सेल्वी विरुद्ध कर्नाटक या केसमध्ये स्पष्ट सांगितलंय की आरोपीच्या मर्जीशिवाय पॉलिग्राफ (म्हणजे हीच लाय डिटेक्टर टेस्ट), नार्को, ब्रेन मॅपिंग काही करता येणार नाही, आणि मर्जीने केली तरी तो रिपोर्ट म्हणजे पुरावा नव्हे. इंग्लंडमध्येही फौजदारी खटल्यात तो पुरावा म्हणून चालत नाही. म्हणजे जे कोर्टात पाकीटमाराच्या विरोधात चालत नाही ते टीव्हीवर कोणाचा संसार मोडायला चालतं.

गंमत म्हणजे त्या शोमध्ये स्क्रीनवर बारीक अक्षरात लिहून यायचं की हे तज्ज्ञ लोक निकाल बराच अचूक असल्याचा दावा करतात पण त्याबद्दल वाद आहे. वाद आहे! आणि होस्ट मात्र कार्ड उघडून असं वाचणार की जसं काही हायकोर्टाचा निकाल. मृत्यूनंतर ब्रिटिश संसदेच्या समितीने चौकशी लावली, त्यात खासदारांनी निर्मात्यांना विचारलं की या टेस्टची अचूकता किती, तर त्यांना धड एक आकडा सांगता येईना. समितीचे अध्यक्ष डेमियन कॉलिन्स चिडले होते, आणि चिडणारच. इतकी वर्षं तुम्ही रोज लोकांना त्या मशीनवर बसवता आणि ते किती वेळा चुकतं ते तुम्हाला माहीत नाही? काइलना पण बोलावलं होतं, ते गेले नाहीत.

सच का सामना पण याच मशीनवर होता, २००९ मध्ये, राज्यसभेत गोंधळ झाला होता तेव्हा. पण तिथला गोंधळ संस्कृती बुडाली म्हणून, मशीन बोगस आहे म्हणून नाही.

सॅलफर्डची सायली

बापरे, मला वाटलं दोन ओळीत उत्तर येईल. थँक्यू सगळ्यांना. पण मग सरळ विचारते, त्या माणसाचा जीव शोमुळेच गेला असं सिद्ध झालं का? कारण फ्लॅटमेट तर काइलला खुनीच म्हणते.

लेस्टरकर काका

नाही, आणि हे नीट समजून घे कारण इथे लोक वाट्टेल ते बोलतात.

इन्क्वेस्ट म्हणजे मृत्यूची चौकशी व्हायला पाच वर्षं गेली, निकाल २०२४ च्या सप्टेंबरात आला. आधी कॉरोनरने, म्हणजे ही चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्याने, असं म्हटलं होतं की काइल यांच्या वागण्याचा मृत्यूशी संबंध असू शकतो, म्हणून त्यांना त्या चौकशीत सामील करून घेतलं. पण सगळं ऐकून झाल्यावर शेवटी निकाल असा की मृत्यू आत्महत्येचा आहे आणि शोमुळे तो झाला असं म्हणण्याइतका स्पष्ट, खात्रीचा धागा सापडत नाही. त्या माणसाला आधीपासून मानसिक त्रास होता. तेव्हा खुनी वगैरे म्हणू नका, कायद्याने ते खोटं आहे.

पण चौकशीत एक गोष्ट बाहेर आली ती मला झोंबली. तो डिप्रेशनची औषधं घेत होता म्हणून शोने त्याला आधी नकार दिला होता. मग तो डॉक्टरकडे जाऊन आता बरा आहे असं पत्र घेऊन आला आणि मग त्याला घेतलं. म्हणजे चाळणी होती, नव्हती असं नाही. पण त्या माणसाला काहीही करून स्टेजवर जायचंच होतं, कारण त्याचा त्या मशीनवर विश्वास होता. त्याला वाटलं मशीन माझी बाजू घेईल. अंधेरीवाल्याने मघाशी आमिष म्हटलं ना, माझ्या मते सगळ्यात मोठं आमिष ते होतं, रिहॅब बिहॅब नंतर. रोज सकाळी ते मशीन देवाच्या कौलासारखं दाखवून दाखवून लोकांच्या मनात बसवलं आणि ते कोणी बसवलं, तर एकट्या काइलने नाही, चॅनेलने, स्पॉन्सरने, आणि आमच्यासारख्या बघणाऱ्यांनी पण.

आणि आयटीव्हीने इतकी घाई का केली यामागे अजून एक कारण. त्यांच्याच लव्ह आयलंड या रिॲलिटी शोमध्ये भाग घेतलेल्या दोन तरुण माणसांचा आधीच्या वर्षभरात मृत्यू झाला होता, एक तर त्याच मार्चमध्ये. पेपरवाले आधीच मागे लागलेले. उन्हाळ्यात लव्ह आयलंडचा नवा सीझन यायचा होता आणि तो पैशाच्या दृष्टीने केवढा मोठा. मला वाटतं त्यांनी एक शो सोडून दुसरा वाचवला. हे माझं मत, कुठे लिहिलेलं नाही.

एडिसनवाला

अमेरिकेतून हजेरी. काका, घाई केली म्हणताय पण आमच्याकडचं उलट उदाहरण ऐका म्हणजे आयटीव्ही संत वाटेल.

१९९५ मध्ये जेनी जोन्स शो म्हणून होता, दिवसाचाच. एपिसोडचा विषय गुप्तपणे प्रेम करणारे. एका तरुणाला बोलावलं, तुझ्यावर कोणाचं तरी प्रेम आहे म्हणून, आणि स्टेजवर कळलं की तो ओळखीचा पुरुषच आहे. तिथे हसला वगैरे. तीन दिवसांनी त्याने त्या दुसऱ्याला घरी जाऊन गोळ्या घातल्या. तो एपिसोड पण दाखवला नाही. शो? चालू राहिला!! २००३ पर्यंत चालला आणि मग रेटिंग पडली म्हणून बंद झाला, बाकी कशामुळे नाही. मेलेल्या मुलाच्या घरच्यांना ज्युरीने १९९९ मध्ये अडीच कोटी डॉलर दिले होते, ते पण वरच्या कोर्टाने फिरवले. आणि जेरी स्प्रिंगरचा असलाच शो तर खुर्च्या फेकाफेकीसकट २०१८ पर्यंत चालला.

फरक कुठे आहे तर इकडे हे शो सिंडिकेशनवर चालतात, म्हणजे प्रोडक्शन कंपनी गावोगावच्या स्टेशनांना शो विकते, त्यामुळे एका बाईने माइकसमोर उभं राहून बुधवारी बंद म्हटलं असं होत नाही. जोवर स्टेशनं विकत घेतात तोवर दुकान चालू. तुमच्याकडे चॅनेल पण आयटीव्हीचं आणि प्रोडक्शन पण त्यांचंच, शिव्या एकाच दारात पडणार.

लेस्टरकर काका

हा मुद्दा पटला. आणि यूकेत दिवसाचे टॉक शो असेच गेलेत, म्हातारे होऊन नाही, एकदम अटॅक येऊन. १९९९ मध्ये बीबीसीवर व्हनेसा फेल्ट्झ बाईंचा शो, पाहुणे खोटे, एजन्सीकडून आणलेले आहेत असं पेपरात आलं आणि त्याच वर्षी बंद. २००४ मध्ये किलरॉय, तो तर १९८६ पासून चालू होता, होस्टने पेपरात अरबांबद्दल वाट्टेल ते लिहिलं, बीबीसीने आधी थांबवला आणि मग गेलाच. आणि मग २०१९ ला हा. तिन्ही वेळा बघणारे होतेच.

नाइट ड्युटी

एडिसनवाले, ते वाचून अंगावर काटा आला.

पण मी माझा मुद्दा सोडत नाही. शो बंद झाला, बरं झालं. त्या वेळेला पुढे लॉरेन केली बाईंचा शो लागायला लागला, कपडे, पिक्चर, मेनोपॉज, ठीक आहे. पण जे लोक तिथे फोन करायचे ते गेले कुठे? डीएनएचे पैसे अजून लागतात, रिहॅबची रांग कमी झालेली मला तरी दिसत नाही. शो बंद करताना कोणी म्हणालं का की त्या फोनवर येणाऱ्या लोकांसाठी आम्ही हे करू? नाही. आणि दुसरं, पेपरवाले पण या लोकांना काय काय बोलायचे हो, दात नसलेले, ट्रॅकसूटवाले, सरकारी पैशावर जगणारे. शोवर टीका करणाऱ्या अर्ध्यांना राग शोचा नव्हता, असली माणसं टीव्हीवर दिसतात याचा होता. माझे पेशंट आहेत ते.

अंधेरी लोकल

ताई हे मात्र शंभर टक्के. आमच्या ऑफिसमध्ये पण गेस्टला आपसात जे म्हणायचे ते इथे लिहिण्यासारखं नाही.

एक विचारायचं होतं, त्यानंतर तिकडे नियम काही बदलले का? आमच्याकडे अजून पाहुण्याला एक फॉर्म देतात इंग्रजीतला, सही कर म्हणतात, झालं.

ॲड. पुणेकरीण

बदलले. ऑफकॉमने, म्हणजे तिथली प्रसारणावर लक्ष ठेवणारी संस्था, २०२१ च्या एप्रिलपासून नवीन नियम लावले. कार्यक्रमात भाग घेणाऱ्याला त्याचा त्याच्यावर काय परिणाम होऊ शकतो हे आधी सांगायला पाहिजे, आणि कोणाला त्रास होण्याची शक्यता आहे हे बघून तशी काळजी घ्यायला पाहिजे. आधी अशी कलमं मुख्यतः लहान मुलांसाठी होती, मोठ्यांनी संमती दिली की विषय संपायचा. पण हे टीव्ही-रेडिओच्या प्रसारणापुरतं. उद्या कोणी यूट्यूबवर स्वतःच्या चॅनेलवर नवराबायकोला मशीनला जोडून बसवलं तर हा कोड लागू होत नाही.

आणि तुमच्या फॉर्मबद्दल, पाहुण्याला कळत नाही त्या भाषेत सही घेतली असेल तर ती संमती कोर्टात किती टिकेल याची मला शंका आहे. कोणाची असली केस असेल तर त्यांना वकिलाकडे पाठवा, इथे नावं टाकू नका.

सॅलफर्डची सायली

अंधेरी लोकल, त्या चॅनेल फोरच्या डॉक्युमेंटरीचं नाव काय? रविवारी फ्लॅटमेट आणि तिची आई दोघी घरी आहेत, लावते आणि बघते कोण कोणाला काय बोलतं.

अंधेरी लोकल

डेथ ऑन डेटाइम. दोन भाग आहेत. आईला आधी चहा दे.